नानांचं मत नानांचंच राहू द्या

ताई,

माझं माहेर साताऱ्याकडच्या दुष्काळी माण तालुक्यातलं, मी डोंबिवलीत असते. माझे वडील, आम्ही त्यांना नाना म्हणतो, एसटीत कंडक्टर होते. रिटायर होऊन नऊ वर्षं झाली, आई जाऊन तीन. कुणाच्या अध्यात ना मध्यात असा माणूस. हिशेबाला इतके पक्के, की ड्युटी संपल्यावर वेबिल, म्हणजे तिकिटांच्या हिशेबाचा कागद, आणि पैसे जुळले नाहीत तर घरी येऊन जेवायचे नाहीत. पेपर पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत वाचायचे, पण राजकारणावरून त्यांनी आवाज चढवलेला मी कधी ऐकला नव्हता.

आता सकाळी सहाला व्हॉट्सअ‍ॅपवर नानांचं 'सुप्रभात' येतं आणि मग दिवसभर राजकारण. अमक्याने देश विकला, तमक्या समाजापासून सावध राहा, हा व्हिडिओ दहा जणांना पाठवा. मी चार वेळा घरच्या ग्रुपवर सगळ्यांसमोर पुरावे देऊन खोडून काढलं. शेवटी नाना ग्रुपमधून बाहेर पडले आणि आठ दिवस माझा फोन उचलला नाही. गावातला एक कार्यकर्ता रोज संध्याकाळी त्यांच्याकडे येऊन बसतो, सभेला नेतो, पुढच्या खुर्चीवर बसवतो. हे सगळं डोक्यात भरतो तो तोच.

2024च्या विधानसभेला नाना एका बाजूला आणि थोरले काका, अण्णा, दुसऱ्या बाजूला होते. निकालाच्या दिवशी दारात फटाके वाजले, त्यावरून दोघांचं जे वाजलं ते आजपर्यंत. विहीर सामाईक आहे. पाण्याची पाळी कुणाची, हे दोघं सख्खे भाऊ एकमेकांना गड्याकरवी कळवतात.

माझी मुलगी आठवीत आहे. आजोबा असं का बोलतात, असं विचारते. लोकांचं डोकं असं कसं फिरवता येतं? आणि फिरवलेलं डोकं पुन्हा जागेवर आणता येतं का?

– एक लेक

*

प्रिय लेक,

तुमचं पत्र दोनदा वाचलं. दुसऱ्या वेळी 'फिरवलेलं डोकं' या शब्दांपाशी अडखळले. हे शब्द रागाच्या भरात नानांसमोर तोंडातून गेले असतील, तर सगळ्यात आधी ते परत घ्या. तेहतीस-चौतीस वर्षं खचाखच भरलेल्या गाडीत शंभर माणसांशी बोलत, भांडत, सुट्ट्या पैशांचा घोळ निस्तरत ज्याने नोकरी केली, त्याला त्याच्या लेकीने 'तुमचं मत तुमचं नाही' असं म्हणणं फार लागतं. आणि ते खरंही नाही. नानांचं मत नानांचंच आहे. ते त्यांच्यापर्यंत कुठल्या वाटेने आलं, एवढाच आपला प्रश्न आहे. ती वाट मला थोडी माहीत आहे, कारण एके काळी मी तिच्यावर कामाला होते.

2009 साली विधानसभेची निवडणूक लागली तेव्हा मी एका जिल्हा दैनिकात मुद्रितशोधनाला होते. प्रचार सुरू झाला तसे माझ्या टेबलावर उमेदवारांचे मजकूर तयार होऊन यायला लागले. बातमीदाराचं नाव नाही, वरच्या कोपऱ्यात जाहिरात विभागाची पेन्सिलीने केलेली खूण. ऑफिसात त्याला 'पॅकेज' म्हणायचे. इतक्या पैशांत इतक्या बातम्या, इतके फोटो, मधल्या पानावर एक मुलाखत. आमचं काम ऱ्हस्व-दीर्घ बघायचं. एका रात्री एकाच पानावर एकाच मतदारसंघातल्या दोन उमेदवारांच्या बातम्या लागल्या. दोघांनाही 'वाढता पाठिंबा' होता, दोघंही 'प्रचंड मताधिक्याने' निवडून येणार होते. मी 'मताधिक्या'तली वेलांटी दुरुस्त केली आणि पान सोडलं. 'जाहिरात' हा शब्द पानावर कुठेच नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळी माझे वडील ओट्यावर बसून त्यातली एक बातमी आईला मोठ्याने वाचून दाखवत होते. बातमी म्हणून. शेजारचे दोघं-तिघं ऐकत उभे होते. ती बातमी कशी आली हे त्या ओट्यावर फक्त मला माहीत होतं आणि मी चहा गाळत राहिले. ते न बोलणं मला अजून टोचतं. म्हणून तुम्ही बोललात याबद्दल मला तुमचा आदर वाटतो. कसं बोललात याबद्दल मात्र मला काही सांगायचं आहे.

त्या निवडणुकीत महाराष्ट्रात जे चाललं होतं ते पत्रकार पी. साईनाथ यांनी बाहेर काढलं. एका नेत्याची स्तुती करणारा एकच लेख, शब्दही न बदलता, वेगवेगळ्या मराठी दैनिकांत वेगवेगळ्या नावांनी छापून आला होता. 2010 मध्ये वर्तमानपत्रांवर देखरेख ठेवणाऱ्या प्रेस कौन्सिलच्या दोन सदस्यांच्या समितीने पैसे देऊन छापून आणलेल्या बातम्यांवर 71 पानांचा अहवाल दिला. कौन्सिलने आधी त्याचा आटोपशीर गोषवाराच पुढे केला. पूर्ण अहवाल लोकांसमोर यायला 2011 उजाडलं आणि तेही माहिती आयोगाच्या आदेशानंतर.

हे जुनं पुराण मी उगाळते आहे, कारण तुमच्या घरात आज जे चाललंय त्याचा गाभा हाच आहे. भिंतीवर रंगवलेलं चिन्ह, भोंगा लावलेली रिक्षा, कोपऱ्यावरचा फ्लेक्स हे सगळं बघताना आपल्याला माहीत असतं की हा प्रचार आहे. मन आपोआप दोन पावलं मागे सरतं. तोच मजकूर बातमीचं रूप घेऊन आला की आपण सावध राहत नाही. आणि आज तो बातमीपेक्षाही जवळच्या रूपात येतो, साडूच्या नावाने, जुन्या डेपोतल्या मित्राच्या फोटोखाली. नाना तो कुण्या पक्षाचा म्हणून वाचत नाहीत. मित्राने पाठवला म्हणून वाचतात.

1940 सालची गोष्ट सांगते. अमेरिकेत अध्यक्षपदाची निवडणूक होती. रेडिओ आणि वर्तमानपत्रं लोकांची मतं कशी वळवतात हे बघायला पॉल लाझार्सफेल्ड आणि त्यांचे सहकारी ओहायोतल्या एका काउंटीत गेले. मे ते नोव्हेंबर, त्याच सहाशे लोकांना दर महिन्याला भेटत राहिले. प्रचाराने बाजू बदललेले लोक फारच थोडे निघाले. पण मत कशावरून ठरलं असं विचारलं की लोक रेडिओचं नाव कमी घ्यायचे आणि कुणाशी तरी झालेल्या बोलण्याचं जास्त. गल्लीत, कारखान्यात, घरात एखादा माणूस असतो, जो बातम्या वाचतो आणि इतरांना सांगतो. बाकीचे त्याच्याकडून घेतात.

माणच्या माणसाला हे सांगायला ओहायोची गरज नाही. पारावर हेच होतं. टिळकांचा 'केसरी' गावोगाव एकाने वाचायचा आणि दहांनी ऐकायचा, असाच पसरला. संयुक्त महाराष्ट्राच्या वेळी शाहीर अमर शेख आणि अण्णा भाऊ साठे डफ घेऊन गिरणगावात उभे राहायचे, तेव्हा न वाचणाऱ्या माणसालाही कळायचं की मुंबईवरून भांडण नेमकं काय आहे. राजकारण्यांनी लोकांशी बोलणं, गाणं, घोषणा देणं, भावनेला हात घालणं यात मुळात पाप काही नाही. माझा विरोध दोनच गोष्टींना आहे. बोलणारा कोण हे लपवणं आणि खोटं बोलणं.

आता नानांकडे या नजरेने बघा. गावात वर्षानुवर्षं एसटीची बातमी, बाजाराची बातमी, तालुक्याला काय झालं याची बातमी कुणी आणली? नानांनीच. लोक त्यांच्याकडून ऐकत आले आहेत. तो कार्यकर्ता रोज संध्याकाळी त्यांच्याकडे येतो तो उगाच नव्हे. नानांच्या शब्दाला भावकीत वजन आहे हे त्याला कळलं आहे. मतदारयादीच्या एकेका पानामागे एकेक माणूस नेमायची पद्धत आता सगळ्यांना ठाऊक आहे, आणि असं काम करणाऱ्या पोराला पहिल्यांदा हेच शिकवतात की वाडीत कुणाचं ऐकतात ते शोध.

तो आल्यावर काय विचारत असेल? माझा अंदाज, 'नाना, काय म्हणतंय गाव?'

तुम्ही नानांना शेवटचं काय विचारलं होतं ते आठवा. मी तुमच्या फोनवर कान लावून बसलेली नाही, पण माझ्याकडे येणाऱ्या लेकींच्या पत्रांवरून सांगते: गोळी घेतली का, बीपी किती, जेवलात का. यात माया आहे, नाही असं नाही. पण तिकडे एक जण त्यांना मत विचारतो आणि इकडे आपण गोळी विचारतो. आई गेल्यापासून त्या घरात दुपारी दुसरं कोण बोलत असेल? त्या कार्यकर्त्यावर राग धरू नका. तो त्याचं काम नीट करतो आहे.

आता डोकं कसं फिरतं हा तुमचा प्रश्न. त्याचं एक उत्तर फार साधं आहे: पुन्हा पुन्हा ऐकून. 1977 मध्ये अमेरिकेतल्या तीन मानसशास्त्रज्ञांनी विद्यार्थ्यांना साठ विधानं दिली, काही खरी, काही खोटी, आणि प्रत्येक किती खरं वाटतं ते विचारलं. असं दोन-दोन आठवड्यांच्या अंतराने तीनदा केलं. त्यातली काही विधानं तिन्ही वेळा तीच ठेवली. जी पुन्हा कानावर पडली ती दर वेळी जास्त खरी वाटत गेली. खोटी असली तरीही. पुढच्या प्रयोगांत तर दिसलं की खरं काय ते माहीत असलेल्या माणसावरही याचा परिणाम होतो. ओळखीचं वाटणं आणि खरं वाटणं यांत मन गल्लत करतं. माझंही करतं, तुमचंही.

खोटं हजारदा सांगितलं की खरं होतं, हे वाक्य गोबेल्सचं म्हणून तुम्ही ऐकलं असेल. त्याच्या लिखाणात किंवा भाषणांत ते सापडल्याचा पुरावा नाही. हजारदा ऐकल्यामुळे आपण ते त्याचं मानतो. मीही कित्येक वर्षं मानत होते.

आणि आपल्याकडच्या 2022 ते 2024 या काळातल्या घोषणा आठवून बघा. '50 खोके, एकदम ओके.' 'बटेंगे तो कटेंगे.' 'अबकी बार, 400 पार.' आणि त्यावर उलट बाजूने 'संविधान बदलणार'. मी कुणाची बाजू घेत नाही, चारही तुम्ही ऐकल्यात आणि त्यातली निदान एक तुम्हाला पटलेली असणार. अशी घोषणा चार-पाच शब्दांची असते, बहुतेकदा यमकात असते, लहान पोरंही म्हणतात. तिच्यामागे आकडे काय, कागद काय, हे विचारायच्या आत ती तोंडपाठ झालेली असते. त्यात 2022 ला शिवसेना फुटली, 2023 ला राष्ट्रवादी. कालपर्यंत ज्या भावांचा नेता एक होता, पक्ष एक होता, चिन्ह एक होतं, त्यांच्यात एका रात्रीत 'निष्ठावान' आणि 'गद्दार' अशी वाटणी झाली. हे शब्द मुंबईत पुढाऱ्यांनी एकमेकांसाठी काढले. ते तुमच्या विहिरीवर येऊन नाना आणि अण्णांना चिकटले. अशी किती घरं आहेत हे माझ्या टपालावरून मला दिसतं.

पण सगळेच मेसेज घोषणांसारखे नसतात. 'तमक्या समाजापासून सावध राहा' हा जो मेसेज तुम्ही लिहिला आहे, त्याला मी मत म्हणत नाही. 1 जुलै 2018, रविवार, धुळे जिल्ह्यातल्या साक्री तालुक्यातलं राईनपाडा. आठवडे बाजाराचा दिवस. मुलं पळवणारी टोळी आल्याचे मेसेज बरेच दिवस फिरत होते. मंगळवेढ्याकडचे पाच जण, नाथपंथी डवरी गोसावी, भिक्षा मागत तिथे आले होते. लोकांनी त्यांना पकडलं, ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडलं आणि जीव जाईपर्यंत मारलं. पाचही जण गेले. त्या काळात देशभर फिरलेला एक व्हिडिओ होता, मोटारसायकलवरून येऊन मूल उचलून नेणाऱ्या दोघांचा. तो कराचीत मुलांच्या सुरक्षेसाठी केलेल्या जनजागृतीच्या फिल्मचा तुकडा होता. शेवटी ते मूल परत आणून सोडतात आणि संदेश दिसतो, तेवढा भाग कुणीतरी कापला होता.

त्या वर्षी देशभर असे जीव गेल्यावर व्हॉट्सअ‍ॅपने भारतात एका वेळी पाचच ठिकाणी मेसेज पुढे पाठवता येईल अशी मर्यादा घातली आणि 'फॉरवर्डेड' असं लिहून यायला लागलं. नंतर दोन बाणांची खूण आली. पाच किंवा जास्त हातांतून फिरून आलेल्या मेसेजवर ती दिसते. 2020 पासून असा मेसेज एका वेळी एकाच ठिकाणी पाठवता येतो. हे दोन बाण नानांना दाखवा. 'नाना, हे दोन बाण असले की समजायचं, ज्याने पाठवलं त्यानेही हे लिहिलेलं नाही.' तेवढंच. त्या वेळी दुसरं काही बोलू नका.

आता परत आणता येतं का, हे. माझ्याकडे जादू नाही आणि ज्यांनी हे शास्त्रशुद्ध करून बघितलं त्यांच्याकडेही नव्हती. 2019 च्या लोकसभा निवडणुकीच्या वेळी सुमित्रा बद्रीनाथन या संशोधिकेने बिहारमध्ये घरोघर माणसं पाठवून लोकांना तासभर शिकवलं: खोटी बातमी कशी ओळखायची, फोटो कसा तपासायचा. नंतर परीक्षा घेतली. एकूण फरक पडला नाही. काही पक्षनिष्ठ लोकांच्या बाबतीत तर, बातमी आपल्या पक्षाला सोयीची असली की, शिकवणी उलटी पडली. तुम्ही ग्रुपवर चार वेळा जे केलंत ते हेच होतं. पुरावे बरोबर होते, पण एकदाच दिलेला धडा होता तो, आणि वर चारचौघांत.

पण त्याच संशोधिकेने इतरांबरोबर पुढे बिहारमध्येच आणखी एक काम केलं. या वेळी मुलांना घेतलं, गावच्या ग्रंथालयांत, एका तासात न उरकता काही महिन्यांत वर्ग घेत. मुलांना फरक पडला. वर्ग संपल्यावर काही महिन्यांनी पाहिलं तरी टिकला होता. आणि ज्यांना कुणी काही शिकवलंच नव्हतं त्या आईवडिलांपर्यंतही तो पोचला होता. हे मी वाचलं तेव्हा मला तुमची आठवीतली मुलगी डोळ्यांसमोर नव्हती, आज आहे. आजोबा असं का बोलतात, याचं उत्तर तिला तुम्ही देऊ नका. तिला आजोबांकडे पाठवा. तिला शिकवा की व्हिडिओ मध्येच थांबवून स्क्रीनशॉट घ्यायचा, गूगल लेन्समध्ये टाकायचा आणि तो मूळचा कुठला, कधीचा ते बघायचं. मग तिने आजोबांना म्हणायचं, 'आजोबा, हा खरंच आपल्याकडचा आहे का, बघू या?' आधी दोन-तीन असे निवडा ज्यांत राजकारण नाही. एखादा पूर, एखादा वाघ. नातीबरोबर शोधायची सवय लागू द्या. पहिल्याच दिवशी त्यांच्या नेत्याचा व्हिडिओ खोटा पाडायला बसलात तर मुलगीही हातची जाईल.

नानांना नवं काही शिकवायचं आहे असं मुळी धरूच नका. त्यांना येतं. तुम्हीच लिहिलंय, वेबिल जुळल्याशिवाय जेवायचे नाहीत. तिकिटाचा सुरुवातीचा नंबर, शेवटचा नंबर, मधली विक्री आणि पिशवीतली रोकड, सगळं जुळलं तर ठीक, नाहीतर भरपाई खिशातून. मध्येच कुठे चेकिंगवाले गाडीत चढले तरी मान ताठ. त्यांना त्यांच्याच भाषेत विचारा: 'नाना, हा मेसेज कुठून सुटला, कुणाच्या हातातून आला, आणि तारीख-गाव काही जुळतंय का?' मेसेजमध्ये गाव नाही, तारीख नाही, बोलणाऱ्याचं नाव नाही, असं दहात आठदा निघेल. ते त्यांनाच दिसू द्या. तुम्ही बोट ठेवू नका. 'बघा, मी म्हणत नव्हते?' हे वाक्य तर मनातही आणू नका.

घरच्या ग्रुपवर मात्र तुम्ही गप्प बसावं असं मला वाटत नाही. भारतातल्याच व्हॉट्सअ‍ॅप वापरणाऱ्यांवर झालेल्या एका अभ्यासात दिसलं की ग्रुपमधल्याच कुणी 'हे खरं नाही' असं नुसतं म्हटलं तरी वाचणाऱ्यांचा विश्वास कमी होतो. मोठमोठे पुरावे जोडले म्हणून फार जास्त कमी होतो असंही नाही. म्हणजे तुमच्या लांबलचक लिंकांचं ओझं नको. एक ओळ, नम्र: 'मामा, हा व्हिडिओ जुना आहे, इथला नाही.' आणि विषय बंद. हे इतरांच्या मेसेजवर. नानांचा मेसेज असेल तर ग्रुपवर एक अक्षर नाही, फोन करा. वडिलांना भावकीसमोर खोटं पाडणं आणि त्यांच्या कानात सांगणं, यात किती अंतर आहे ते मी तुम्हाला सांगायला नको. ते ग्रुपमधून बाहेर पडले ते पुराव्यांमुळे नव्हे. त्यांना परत बोलवा. ग्रुपवरच लिहा, 'नाना, माझी बोलण्याची पद्धत चुकली.' पद्धत चुकली, एवढंच. मुद्दा चुकला असं लिहू नका, कारण तो चुकला नव्हता.

एक सीमा मात्र पक्की ठेवा. नाना कुणाला मत देतात, कुठला नेता त्यांना आवडतो, सरकार बरं चाललंय की वाईट, यावर तुम्ही त्यांना वळवायला जाऊ नका. तो त्यांचा हक्क आहे. तुमच्या पत्रात मला एका जागी शंका आली म्हणून विचारते, राग मानू नका: नाना उलट बाजूला असते आणि रोज तुमच्या आवडीचे फॉरवर्ड पाठवत असते, तर तुम्ही मला पत्र लिहिलं असतं का? आपल्या बाजूचं खोटं आपल्याला इतकं खुपत नाही. स्वतःचा फोन उघडा, गेल्या महिन्यात तुम्ही काय काय पुढे पाठवलंत ते नानांना लावणार त्याच मापाने बघा. त्यातलं एखादं खोटं निघालं तर नानांना फोन करून सांगा, 'नाना, मीही एक चुकीचं पाठवलं होतं.' हा एक फोन तुमच्या आधीच्या चारही पुराव्यांपेक्षा जास्त काम करेल, असं मला मनापासून वाटतं. समाजाबद्दलचे, जिवावर बेतू शकतील असे मेसेज मात्र वेगळे. तिथे मुलगी म्हणून स्पष्ट सांगा, 'नाना, हे तुमच्या हातून पुढे जाऊ नये असं मला वाटतं,' आणि राईनपाड्याची गोष्ट सांगा. नानांच्या गाडीत अशी भिक्षेकरी माणसं कितीदा चढली असतील. ते ओळखतील.

निवडणूक लागली की आणखी एक लक्षात ठेवा. मतदान संपण्याआधीच्या 48 तासांत सभा-मिरवणुका बंद, टीव्हीवरचा प्रचारही बंद, असं लोकप्रतिनिधित्व कायद्याचं कलम 126 सांगतं. माणसाने शांतपणे विचार करावा म्हणून ते आहे. पण फोनमधून फोनमध्ये जाणारं काही त्या दोन रात्रींत थांबत नाही, आणि खोटी क्लिप सोडायला याच रात्री निवडतात, कारण खुलासा यायच्या आत मतदान झालेलं असतं. हुबेहूब आवाज बनवणंही आता सोपं झालंय. नानांशी आधीच बोलून ठेवा: शेवटच्या दोन दिवसांत जे येईल ते बघायचं, पण पुढे पाठवायचं नाही. मतदानानंतर पाठवा हवं तर. सवलत दिली की माणूस ऐकतो.

नानांना दर रविवारी फोन करत जा. त्या फोनचं सांगते आणि मग अण्णांकडे येते. रविवारी गोळी शेवटी विचारा. आधी विचारा, 'नाना, काय म्हणतंय गाव?' आणि ते जे सांगतील ते मध्ये न तोडता ऐका, पटो न पटो. पंधरा मिनिटं लागतील. पहिले दोन रविवार तुम्हाला जड जातील. तुमचं मत त्यांनी विचारलं तर सांगा, नाही विचारलं तर राहू द्या.

अण्णा आणि नाना यांचं मात्र राजकारणावरून मिटणार नाही. राजकारणावर बोलून मिटवायला गेलात तर निकालाचे फटाके पुन्हा वाजतील. त्यांच्यात अजून न तुटलेली एकच गोष्ट आहे आणि ती तुम्ही स्वतःच लिहिली आहे, विहीर. गड्याकरवी का होईना, पाळी एकमेकांना कळवतात. माणमध्ये उन्हाळ्यात पाण्याची पाळी बुडवणं म्हणजे काय हे दोघांना कळतं आणि इतकं होऊनही दोघांनी ती बुडवलेली नाही. मोटारीचं बिल, गाळ काढणं, पाइप बदलणं असं काहीतरी या वर्षी निघेलच. ते निघालं की त्यात मध्ये पडा. दोघांनाही विहिरीपुरतंच बोलवा. नेता नाही, पक्ष नाही, 2024 नाही.

पाडव्याला गावी जाणार असाल तर अण्णांकडे आधी एकट्या जा. काकू घरी असेल अशी वेळ बघा, मुलीला बरोबर घ्या आणि नानांना सांगूनच जा. लपूनछपून गेलात असं त्यांच्या कानावर दुसऱ्याकडून जायला नको.